पाटील, स्मिता

(१७ ऑक्टोबर १९५५–१३ डिसेंबर १९८६). भारतीय कलाचित्रपटांतील एक श्रेष्ठ मराठी अभिनेत्री. जन्म पुणे येथे. वडील शिवाजीराव गिरधर पाटील हे खानदेशातील शिरपूरचे. स्वातंत्र्यचळवळीतील कार्यकर्ते व पुढे महाराष्ट्र शासनात मंत्री. आई विद्याताई ह्या परिचारिका व समाजकार्यकर्त्या होत्या. स्मिता पाटील यांचे शालेय शिक्षण पुण्यास झाले व राष्ट्र सेवा दलाच्या सांस्कृतिक कार्यातून त्यांना रंगमंचाची ओळख झाली. मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाल्यानंतर त्या केंद्रावर त्यांनी मराठी बातम्यांचे निवेदन केले. ते पाहूनच दिग्दर्शक श्याम बेनेगल (१९३४–२०२४) यांनी त्यांची चित्रपटासाठी निवड केली. १९७५ ते १९८६ ह्या अवघ्या बारा वर्षांत हिंदी, मराठी, गुजराती, बंगाली, मलयाळम आदी भाषांतील सुमारे ऐंशी चित्रपटांत त्यांनी कामे केली. भूमिका (१९७७) व चक्र (१९८१) ह्या चित्रपटांतील अभिनयासाठी त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार लाभला. १९८५ मध्ये भारत सरकारने त्यांना पद्मश्री देऊन गौरविले. अपत्यजन्मानंतर उद्भवलेल्या गुंतागुंतीमुळे वयाच्या एकतिसाव्या वर्षी मुंबई येथे त्यांचे निधन झाले.

त्यांच्या सर्व चित्रपटांचा आढावा घेणे हा प्रस्तुत नोंदीचा हेतू नाही. ‘कलाचित्रपट’ ह्या एकाच नावाखाली वस्तुतः दोन भिन्न प्रवृत्ती एकत्र नांदत होत्या व स्मिता पाटील यांनी त्या दोहोंतही कामे केली. ह्या दोन प्रवृत्तींना नटाकडून काय हवे होते, आणि ते त्यांनी कसे दिले, हा येथील मुख्य प्रश्न आहे. त्यांच्याविषयी विपुल लिहिले गेले. तथापि त्यांतील बराच भाग त्यांचे डोळे, वर्ण आणि अकाली मृत्यू ह्यांभोवतीच घोटाळतो. अभिनयाच्या घडणीची चिकित्सा त्यामानाने थोडी झाली आहे.

भारतीय कलाचित्रपटाच्या चळवळीचा आरंभ सामान्यतः १९६९ पासून मानतात. फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या (स्थापना १९६०) अर्थसाहाय्याने त्या सुमारास मृणाल सेन यांचा भुवन शोम आणि मणि कौल (१९४४–२०११) यांचा उसकी रोटी हे चित्रपट तयार झाले. पहिल्या प्रवृत्तीत कथानकाला व सामाजिक वास्तवाला प्राधान्य होते. बेनेगल, गोविंद निहलानी, जब्बार पटेल हे दिग्दर्शक स्थूलमानाने तिचे प्रतिनिधी होत. दुसऱ्या प्रवृत्तीत चित्रपटाच्या रूपालाच, म्हणजे काळ, अवकाश, ध्वनी व गती यांच्या रचनेला, आशयाचे स्थान देण्यात आले. मणि कौल व कुमार शहानी (१९४०–२०२४) हे तिचे प्रवर्तक. दोघेही पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ऋत्विक घटक यांचे विद्यार्थी होते. मणि कौल यांच्या आषाढ का एक दिन (१९७१) ह्या चित्रपटात रेखा सबनीस व अरुण खोपकर ह्या मराठी कलावंतांनी प्रमुख भूमिका केल्या, ही गोष्ट मराठी वाचकांच्या सहसा स्मरणात नसते.

ह्या दुसऱ्या प्रवृत्तीवर फ्रेंच चित्रपटाचा, विशेषतः रोबेर ब्रेसाँ ह्या दिग्दर्शकाचा, प्रभाव स्पष्ट आहे. शहानी यांनी पॅरिसमध्ये शिक्षण घेतले व ब्रेसाँच्या युन फाम दूस (१९६९) ह्या चित्रपटासाठी साहाय्यक म्हणून काम केले. ब्रेसाँ आपल्या चित्रपटांत व्यावसायिक नट घेत नसे. चित्रपटात काम करणाऱ्या व्यक्तीला तो ‘नट’ न म्हणता ‘मॉडेल’ म्हणे. एकच हालचाल, एकच वाक्य वारंवार करवून घेऊन त्यातील भावप्रदर्शन झडेपर्यंत तो थांबत नसे. मग जे उरेल तेच चित्रित करी. फ्रान्समधील प्रायोगिक चित्रपटातही सर्वांनी हा मार्ग पत्करला नाही. देल्फीन सेरीग (१९३२–९०) ह्या अभिनेत्रीचे उदाहरण येथे उद्बोधक ठरेल. रंगभूमीवर तयार झालेल्या सेरीगने आलँ रेने यांचा लास्ट इयर ॲट मारिएनबाद (१९६१), मार्गरित द्युरास यांचा इंडिया साँग (१९७५) आणि बेल्जियमच्या शांताल आकेरमान यांचा जान दिलमान (१९७५) हे तिन्ही चित्रपट केले. इंडिया साँगमधील कलकत्ता फ्रान्समध्येच उभे केलेले आहे. त्यात पडद्यावरील पात्रांचे ओठ हलत नाहीत, त्यांचे बोलणे चौकटीबाहेरून ऐकू येते. अशा रचनेत नटाला केवळ उभे राहणे, चालणे व वळणे एवढेच उरते. तरीही सेरीगचे अस्तित्व पुसले जात नाही. प्रशिक्षित नट आपले प्रशिक्षण आवरून धरू शकतो, हे तिने सिद्ध केले.

स्मिता पाटील यांची वाट याच्या उलट दिशेने गेली. नसीरुद्दीन शाह, ओम पुरी, शबाना आझमी हे त्यांचे सहकलावंत नाट्यविद्यालयांतून अथवा फिल्म इन्स्टिट्यूटमधून अभिनयाचे रीतसर शिक्षण घेऊन आले होते. स्मिता पाटील यांच्यापाशी असे शिक्षण नव्हते. बातम्यांचे निवेदन हीच एका अर्थी त्यांची शाळा होय. बातमी वाचणाऱ्याने कॅमेऱ्याकडे सरळ पाहायचे असते, स्वर समतोल ठेवायचा असतो आणि मजकूर व स्वतःची प्रतिक्रिया यांत अंतर राखायचे असते. दुःखद बातमीही त्याला रडून सांगता येत नाही. ब्रेसाँ ज्या निर्विकारपणासाठी पुनरावृत्ती करवून घेई, त्याच्याशी ह्या सवयीचे दूरचे नाते आहे. ह्या साम्यातून फार मोठा सिद्धांत उभारू नये हे खरे. परंतु त्यांच्या सुरुवातीच्या चित्रपटांत संवादापेक्षा श्रवण अधिक बोलके वाटते, याचे एक कारण येथे असावे. समोरचा बोलत असताना त्या पूर्णपणे ऐकत असतात. हिंदी चित्रपटांतील नटवर्गात हा गुण दुर्मिळ होता. बहुतेकजण आपल्या वाक्याची वाट पाहत असत.

अरुण खोपकर यांनी फिल्म इन्स्टिट्यूटच्या पदविकेसाठी केलेल्या तीव्र मध्यम (१९७४) ह्या लघुपटात स्मिता पाटील यांनी प्रथम काम केले. म्हणजे प्रायोगिक चित्रपटाशी त्यांचा संबंध व्यावसायिक कारकीर्दीच्या आधीचा आहे. त्यानंतर बेनेगल यांच्या चरणदास चोर (१९७५) ह्या बालचित्रपटात हबीब तन्वीर यांच्या नाट्यसंस्थेतील छत्तीसगढी लोककलावंतांबरोबर आणि निशांत (१९७५) मध्ये जमीनदाराच्या धाकट्या भावाच्या पत्नीच्या भूमिकेत त्या दिसल्या. गुजरातमधील पाच लक्ष दूध-उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये देऊन निर्माण केलेल्या मंथनमधील (१९७६) बिंदू ही त्यांची पहिली लक्षणीय भूमिका. बिंदू दूधसंस्थेच्या शहरी डॉक्टराशी बोलते तेव्हा तिचे हात कोणत्या ना कोणत्या कामात गुंतलेले असतात. तिचे आकर्षण, संशय व संताप हे सर्व त्या कामाच्या लयीत होणाऱ्या बदलांतून समजते. श्रम करणाऱ्या स्त्रीचे शरीर पडद्यावर खोटे न वाटू देणे, ही पुढे त्यांची ओळखच बनली. जान दिलमानमध्ये सेरीग बटाटे सोलते ते दृश्य जगभरच्या अभ्यासकांनी वाखाणले, आणि २०२२ मध्ये एका ब्रिटिश नियतकालिकाने घेतलेल्या समीक्षकांच्या मतगणनेत तो चित्रपट पहिल्या क्रमांकावर आला. मंथनमधील हातांविषयी मात्र आपल्याकडे कोणी फारसे बोलले नाही.

भूमिका हा स्मिता पाटील यांच्या कारकीर्दीचा पहिला कळस. अभिनेत्री हंसा वाडकर यांच्या सांगत्ये ऐका ह्या आत्मकथनावर तो आधारलेला आहे. बेनेगल, गिरीश कर्नाड व सत्यदेव दुबे यांनी त्याची पटकथा रचली आणि गोविंद निहलानी यांनी छायालेखन केले. उषा ही नायिका पडद्यावर ‘उर्वशी’ ह्या नावाने प्रसिद्ध आहे. बालपण कृष्णधवल, वर्तमान रंगीत, आणि उषा ज्या चित्रपटांत काम करते त्यांचे तुकडे त्या त्या काळाच्या शैलीत, अशी ह्या चित्रपटाची वीण आहे. त्यामुळे स्मिता पाटील यांना दुहेरी अभिनय करावा लागला. चाळीसच्या दशकातील अभिनेत्री ज्या ढोबळ हावभावांनी भूमिका करीत, त्या पद्धतीने त्यांना ‘उर्वशी’ करावयाची होती. आणि चित्रीकरण संपताच तो मुखवटा उतरवून ‘उषा’ व्हावयाचे होते. ह्या दोन्हींतील सांधा त्यांनी कोठेही उघडा पडू दिला नाही. विशेष म्हणजे जुन्या अभिनयशैलीची त्यांनी थट्टा केली नाही. ती शैली म्हणजे एका कष्टकरी स्त्रीचा व्यवसाय आहे, याचे भान त्या प्रत्येक तुकड्यात जाणवते.

उषेच्या आयुष्यात येणाऱ्या पुरुषांपैकी विनायक काळे (अमरीश पुरी) याच्या वाड्यातील प्रकरण सर्वांत प्रभावी आहे. तेथे तिला घर, मूल, सासू, प्रतिष्ठा सर्व काही मिळते. फक्त उंबरठ्याबाहेर पडता येत नाही. हे ध्यानात येण्याचा क्षण स्मिता पाटील यांनी जवळजवळ काहीही न करता साकारला आहे. चेहऱ्यावर प्रथम हसू येते, कारण तिला ती थट्टा वाटते. मग ते हसू तेथेच राहते व त्याचा अर्थ नाहीसा होतो. अखेरीस कोणाच्याही आश्रयाला न जाता ती हॉटेलच्या खोलीत एकटी राहते. स्वातंत्र्य मिळाले की एकाकीपण, हे चित्रपट सांगत नाही आणि अभिनेत्रीही सुचवीत नाही. वयाच्या बाविसाव्या वर्षी ही संयत समज कोठून आली असेल, असा प्रश्न पडल्यावाचून राहत नाही.

त्याच वर्षीचा जब्बार पटेल यांचा जैत रे जैत हा मराठी चित्रपट गो. नी. दांडेकर यांच्या कादंबरीवर आधारित असून त्यात ठाकर आदिवासींच्या जीवनाचे कथन हृदयनाथ मंगेशकर यांनी स्वरबद्ध केलेल्या गीतांच्या साखळीतून होते. ना. धों. महानोरांच्या त्या गीतांनी चित्रपटाला महाराष्ट्रभर पोहोचविले. वाशिम, कारंजा, रिसोड अशा विदर्भातील गावांत ही गीते आकाशवाणीवरून घरोघर ऐकली गेली. प्रत्यक्ष चित्रपट अनेकांनी फार पुढे, दूरदर्शनच्या पडद्यावर पाहिला. ह्या गीतप्रधान रचनेत चिंधीची भूमिका करणे सोपे नव्हते. मराठी चित्रपटातील आदिवासी स्त्री तोवर बहुधा नृत्याच्या चौकटीत बंदिस्त होती. नवऱ्याला सोडून नाग्याकडे (मोहन आगाशे) येणाऱ्या चिंधीला स्मिता पाटील यांनी चालण्यातून घडविले. चढणीवर पाय कसा टाकावा, बसताना अंगाचा भार कोठे घ्यावा, याचा त्यांनी केलेला विचार प्रत्येक दृश्यात दिसतो. गीतांचे सूर काही वेळा त्यांच्यावर मात करतात, हा मात्र चित्रपटाचा दोष म्हणावा लागेल.

लोकरूपांचा अधिक धीट प्रयोग केतन मेहता यांच्या भवनी भवाई (१९८०) ह्या गुजराती चित्रपटात आढळतो. गुजरातमधील भवाई ह्या लोकनाट्याची चौकट, ब्रेख्तची तटस्थतेची कल्पना आणि चित्रकथांचा विक्षिप्त विनोद यांचे मिश्रण करून अस्पृश्यतेची कथा येथे मांडली आहे. ह्या चित्रपटाला दोन शेवट आहेत, एक सुखाचा व एक सुखाचा भ्रम मोडणारा. स्मिता पाटील यांची भूमिका लहान असून तीत त्यांनी वास्तवदर्शी शैली सोडून मोकळेपणाने खेळकर, ठळक अभिनय केला. त्यांना विनोद साधत नाही, हा समज ह्या चित्रपटाने खोटा ठरविला; पण पुढे कोणी त्याचा उपयोग करून घेतला नाही.

मृणाल सेन यांच्या आकालेर संधाने (१९८०) मध्ये प्रयोगाचे स्वरूप आणखी वेगळे आहे. १९४३ च्या बंगालमधील दुष्काळावर चित्रपट करण्यासाठी एक चमू १९८० मध्ये एका खेड्यात जातो, आणि तेथे चित्रपटातील दुष्काळ व गावातील चालू दारिद्र्य यांतील सीमारेषा पुसट होत जाते. स्मिता पाटील येथे ‘स्मिता’ ह्याच नावाने वावरतात. मुंबईहून आलेली एक प्रसिद्ध अभिनेत्री गावाच्या डोळ्यांसमोर भुकेल्या स्त्रीची भूमिका करते, ही परिस्थितीच एक आरोप आहे. चमूतील मंडळी फावल्या वेळात दुष्काळाच्या छायाचित्रांवरून वर्ष ओळखण्याचा खेळ खेळतात, तेव्हा तीही त्यात रमते. गावातील दुर्गा (श्रीला मजुमदार) मात्र चित्रीकरण पाहताना खोट्या प्रसंगाला खरे मानून किंचाळते. शोषित स्त्रियांच्या भूमिका करून कीर्ती मिळविणाऱ्या अभिनेत्रीने स्वतःच्या नावाने ह्या प्रश्नाला सामोरे जाणे, हे धैर्याचे काम होते. आपल्या व्यवसायातील अंगभूत विसंगती त्यांनी तेथे सहानुभूतीची याचना न करता उघडी ठेवली. बर्लिनच्या चित्रपटमहोत्सवात १९८१ मध्ये ह्या चित्रपटाला रौप्य अस्वल हा सन्मान मिळाला.

याच्याशी ताडून पाहता चक्र ह्या चित्रपटाचे स्थान विवाद्य ठरते. जयवंत दळवी यांच्या कादंबरीवर रवींद्र धर्मराज यांनी केलेल्या ह्या चित्रपटात झोपडपट्टीतील अम्माच्या भूमिकेसाठी स्मिता पाटील यांना दुसऱ्यांदा राष्ट्रीय पुरस्कार लाभला. अभिनयात परिश्रम व सच्चेपणा निश्चित आहे. परंतु येथे दिग्दर्शकाची दृष्टी दारिद्र्याकडे पाहते त्यापेक्षा ते दाखविण्यात अधिक रमते. अम्माच्या स्नानाचे दृश्य चित्रपटाच्या जाहिरातींसाठी वापरण्यात आले, तेव्हा ह्या दृष्टीतील दुबळेपणा चव्हाट्यावरच आला. भूमिका आणि आकालेर संधाने यांच्या तुलनेत ही भूमिका दुय्यम आहे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. सत्यजित राय यांनी दूरदर्शनसाठी केलेल्या सद्गती (१९८१) मधील झुरिया ही भूमिका छोटी असूनही अधिक खोल उतरते.

उंबरठा (१९८२) ह्या जब्बार पटेल यांच्या चित्रपटाचा उल्लेख येथे आवश्यक आहे. मात्र रूपाच्या दृष्टीने तो प्रायोगिक नाही. शांता निसळ यांच्या बेघर ह्या कादंबरीवरून विजय तेंडुलकर यांनी त्याची पटकथा लिहिली. महिलाश्रमाची अधीक्षक म्हणून काम करण्यासाठी घर सोडणारी सुलभा महाजन मराठी मध्यमवर्गाला आपली वाटली आणि खटकलीही. त्या चर्चेत अभिनयाचे मूल्यमापन मागे पडले. अमरावतीचे सुरेश भट यांची गझल ह्या चित्रपटामुळे सर्वतोमुखी झाली, ती ऐकताना सुलभेचा चेहरा आठवत नाही असा मराठी रसिक विरळा. सुलभा कोठेही हुतात्म्याचा आव आणीत नाही, ह्यात ह्या भूमिकेचे बळ आहे. तिला नोकरी करावयाची आहे, एवढेच.

कुमार शहानी यांच्या तरंग (१९८४) ह्या चित्रपटात स्मिता पाटील यांच्या अभिनयाची खरी कसोटी लागली. माया दर्पण (१९७२) नंतर तब्बल बारा वर्षांनी शहानी यांना पुन्हा पूर्ण लांबीचा कथाचित्रपट करता आला. मधल्या काळात त्यांनी महाकाव्यपरंपरेचा अभ्यास केला होता. के. के. महाजन यांनी रुंद पडद्यासाठी रंगीत छायालेखन केलेला हा सुमारे तीन तासांचा चित्रपट एका उद्योगपती घराण्याची व त्याच्या कामगारांची कथा सांगतो. श्रीराम लागू, अमोल पालेकर, गिरीश कर्नाड, ओम पुरी असा नटसंच त्यात आहे. जानकी ही कामगाराची विधवा उद्योगपतीच्या घरी मोलकरीण म्हणून येते. सामान्य चित्रपटात ही व्यक्तिरेखा करुण अथवा कारस्थानी झाली असती. शहानी यांना ह्यांपैकी काहीच नको होते. पात्रे येथे वर्गांची आणि इतिहासातील शक्तींची रूपे म्हणून वावरतात. संवाद सावकाश, एका पातळीवर बोलले जातात, आणि कॅमेरा चेहऱ्यापाशी रेंगाळत नाही.

अशा रचनेत समीपदृश्यावर अवलंबून असलेला नट निराधार होतो. तरंगमधील काही मातब्बर नटांची तशी अवस्था झालेली दिसते. संवादाला ते सवयीने नाट्यपूर्ण चढउतार देतात आणि चित्रचौकटीच्या संथ गतीशी त्यांचा मेळ बसत नाही. स्मिता पाटील यांनी मात्र स्वतःला गतीच्या स्वाधीन केले. खोलीतून खोलीत जाताना, जिन्यावरून उतरताना, वस्तू उचलताना त्यांची हालचाल कॅमेऱ्याच्या हालचालीशी एकजीव होते. जानकीच्या मनात काय आहे हे सांगण्याची जबाबदारी त्यांनी चेहऱ्यावरून काढून संपूर्ण देहाकडे सोपविली. तरीही त्या ब्रेसाँच्या अर्थाने ‘मॉडेल’ होत नाहीत. भुकेची, हिशेबाची, वासनेची ऊब त्यांच्या जानकीत शिल्लक राहते आणि तिच्यामुळे शहानी यांची कठोर रचना कोरडी होत नाही. हा अभिनय थंड वाटतो, असा आक्षेप घेता येईल. ज्यांना भूमिकातील उषा हवी आहे त्यांना तो तसा वाटणारच. परंतु येथे भावना दडपलेली नाही. ती वाटून दिलेली आहे, काही रंगाला, काही ध्वनीला आणि काही नटीच्या पाठमोऱ्या आकृतीला.

चित्रपटाच्या अखेरीस पहाटेच्या वेळी पुलावर जानकी व राहुल (पालेकर) यांची भेट होते आणि अकस्मात ती उर्वशी व तो पुरूरवा होऊन बोलू लागतात. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील संवादसूक्ताचा हा आधार शहानी यांना दामोदर धर्मानंद कोसंबी (१९०७–६६) यांच्या लेखनातून मिळाला. पुण्यात राहून कार्य केलेल्या ह्या इतिहासकाराला ते आपला गुरू मानीत. कालिदासाच्या विक्रमोर्वशीयमध्ये ह्या प्रेमिकांचे अखेर मीलन होते. ऋग्वेदातील उर्वशी मात्र परत यावयास नकार देते. वाशिम म्हणजे प्राचीन वत्सगुल्म. राजशेखराने काव्यपुरुष व साहित्यविद्या यांचा विवाह ह्याच नगरीत लावला आहे आणि वैदर्भी रीतीला ‘वच्छोमी’ हे ह्याच गावाचे नाव दिले आहे (पहा : वाकाटक घराणे). त्या सुकुमार रीतीचा आदर्श समजला जाणारा कालिदास बाजूला ठेवून शहानी यांनी अधिक प्राचीन व कठोर उर्वशी निवडली, हे विदर्भातील वाचकाला थोडे टोचले तरी समर्थनीय आहे. स्मिता पाटील हे संवाद ना पठणासारखे म्हणतात, ना संभाषणासारखे. दोन्हींच्या मधला, थोडा खर्जातला असा तो सूर आहे. क्षणापूर्वीची मोलकरीण पौराणिक अप्सरा होते आणि तिचे मोलकरीणपण नष्ट होत नाही. सात वर्षांपूर्वी भूमिकामध्ये ‘उर्वशी’ हे त्यांचे पडद्यावरील नाव होते आणि तेथेही समोर पती म्हणून अमोल पालेकरच होते. हा योगायोग असेल. तथापि दोन्ही उर्वशी अखेरीस परत यावयास नाकारतात, आणि त्या दोन नकारांमध्ये एका अभिनेत्रीचा वास्तवदर्शी शैलीपासून रूपनिष्ठ शैलीपर्यंतचा प्रवास सामावलेला आहे.

जी. अरविंदन यांच्या चिदंबरम् (१९८५) ह्या मलयाळम चित्रपटात हा प्रवास शांत टोकाला पोहोचला. सी. व्ही. श्रीरामन यांच्या कथेवरील ह्या चित्रपटात केरळ व तमिळनाडू यांच्या सीमेवरील एका गुरांच्या संगोपनकेंद्रात नवपरिणीत शिवकामी येते. तिला बोलावयाचे फार थोडे आहे. हिरव्या कुरणांत, फुलांत आणि धुक्यात हिंडणारी ही तरुणी कुतूहलाने जग पाहते. अपराधाच्या छायेत चित्रपट पुढे सरकतो आणि शेवटी चिदंबरमच्या मंदिरापाशी, पादत्राणे सांभाळणारी एक स्त्री मान वर करते, तीच शिवकामी. एवढ्या एका दृष्टिक्षेपावर सारा चित्रपट तोलला आहे. भाषा परकी असल्याने जो तोटा झाला असता त्याचे येथे लाभात रूपांतर झाले. ह्या चित्रपटाला १९८५ चा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

१९८२ च्या नमक हलाल व शक्ती ह्या चित्रपटांपासून स्मिता पाटील यांनी व्यावसायिक हिंदी चित्रपटांत मोठ्या संख्येने कामे केली. त्यांतील बहुसंख्य विसरण्याजोगी आहेत. ह्या निर्णयाबद्दल त्यांना दोष देण्याची प्रथा पडली, ती न्याय्य नाही. प्रायोगिक चित्रपटाच्या दिग्दर्शकालाच दोन चित्रपटांमध्ये बारा वर्षे थांबावे लागत होते, तेथे नटाचा निर्वाह कसा व्हावा, याचे उत्तर टीकाकारांपाशी नव्हते. शिवाय कलाचित्रपटांचे निर्मातेही लोकप्रिय चेहऱ्याची अपेक्षा करू लागले होते. खरी हानी वेगळी झाली. कलाचित्रपटानेही त्यांना हळूहळू एका साच्यात बसविले. पीडित, कष्टाळू, अखेरीस बंड करणारी ग्रामीण स्त्री हा तो साचा. केतन मेहता यांच्या मिर्च मसाला (१९८७) मधील सोनबाई ही ह्या साच्यातील सर्वांत तेजस्वी मूर्ती होय. मिरचीच्या कारखान्यात लाल रंगाच्या राशींमध्ये उभी असलेली, हातात विळा घेतलेली सोनबाई अविस्मरणीय आहे, पण ती पुतळ्यासारखी अविस्मरणीय आहे. तरंगमधील जानकीत जी संदिग्धता आहे ती तिच्यात नाही. हा चित्रपट त्यांच्या मृत्यूनंतर प्रदर्शित झाला आणि त्यामुळे लोकांच्या मनात तीच प्रतिमा अखेरची म्हणून राहिली.

मैथिली राव यांनी इंग्रजीत लिहिलेले त्यांचे चरित्र २०१५ मध्ये प्रसिद्ध झाले. मंथनची जीर्णोद्धारित प्रत फिल्म हेरिटेज फाउंडेशनने तयार केली व ती मे २०२४ मध्ये कान येथील महोत्सवात दाखविण्यात आली. त्याच वर्षी २४ फेब्रुवारीस कुमार शहानी यांचे आणि २३ डिसेंबरला श्याम बेनेगल यांचे निधन झाले. स्मिता पाटील यांच्याकडून दोन भिन्न प्रकारचा अभिनय करवून घेणारे दोन दिग्दर्शक एकाच वर्षात निवर्तले.